कातडं कोण चढवतं?

जपानच्या टूरमध्ये फुजी, बुलेट ट्रेन आणि असाकुसाच्या देवळाच्या जोडीला हल्ली ‘ताइको’, म्हणजे जपानी ढोल, वाजवायचा एक तास असतोच. टूर मॅनेजरला तो तास म्हणजे विसावा. पाहुणे एका खोलीत, दार बंद, कोणी हरवायची भीती नाही. मी मागे बसून रात्रीच्या जेवणात जैन किती, साधे शाकाहारी किती, ते रेस्टॉरंटला कळवत असते.

एका ग्रुपमध्ये पुण्याच्या ढोल पथकातली दोन पोरं होती, त्यामुळे शिक्षकांना आयते शिष्य मिळाले. मधोमध मारलं की ‘डोन’, कडेच्या लाकडावर मारलं की ‘का’. आधी तोंडाने म्हणायचं, मग हाताने वाजवायचं. आपल्या लोकांना हे समजावून सांगावं लागत नाही. शिक्षक इतिहासही प्रामाणिकपणे सांगत होते. जत्रेत, देवळात, ‘नो’ या पारंपरिक नाटकात ढोल जुनाच. पण लहानमोठे ढोल एकत्र मांडून स्टेजवर ताफ्याने वाजवायची पद्धत १९५१ ची. ती बसवली नागानोतल्या दाइहाची ओगुची यांनी, आणि ते होते जाझ ड्रमर! पुढे १९६४ च्या टोकियो ऑलिंपिकच्या वेळी ताइको जगासमोर आला, आणि १९८१ पासून सादो बेटावरचा ‘कोदो’ हा ताफा देशोदेशी फिरतोय. ब्रोशरमधल्या ‘हजारो वर्षांच्या परंपरे’पेक्षा मला हे जास्त आवडतं.

मग कोणीतरी विचारलं, “कातडं कसलं आहे?”

“गाईचं.”

दोन काकूंनी काठ्या खाली ठेवल्या. हे दरवेळी होतं. ज्यांना नको त्यांनी नुसतं बघा, असं सांगून मी वेळ मारून नेते. त्या दिवशी मात्र सांगलीकडचे एक काका, एसटीच्या वर्कशॉपमधून निवृत्त झालेले, ढोलाशी वाकून उभे होते. काठीला त्यांनी हातही लावला नव्हता. केयाकी झाडाचा अख्खा ओंडका कोरून केलेला तो ढोल. त्याच्या तोंडाशी मोठ्या डोक्याच्या खिळ्यांच्या दोन रांगा. काका खिळ्यांखालून बाहेर आलेल्या कातड्याच्या कडेवरून अंगठा फिरवत होते.

“ताई, खिळे ठोकलेत म्हणजे हे पुन्हा ताणता येणार नाही. पहिल्यांदाच बरोबर बसायला पाहिजे. विचारा ना, चढवतं कोण?”

मी स्थानिक गाइडला विचारलं. त्या म्हणाल्या, कारागीर.

“ते कळलं हो. कुठल्या समाजाचे?”

गाइडबाई हसल्या, घड्याळ बघितलं आणि बस थांबली आहे म्हणाल्या. बस यायला अजून अर्धा तास होता.

त्यांनी विषय का टाळला ते मला ठाऊक होतं. जनावर सोलणं, कातडं कमावणं ही कामं करणाऱ्यांना जपानमध्ये शतकानुशतकं वाळीत टाकलेलं होतं. कायद्याने १८७१ मध्ये तो भेद मिटला, पण लग्न जमवताना आणि नोकरी देताना माणूस मूळचा कुठल्या वस्तीतला याची चौकशी चालूच राहिली. अशा ‘बुराकू’ वस्त्यांच्या याद्या छापून कंपन्यांना गुपचूप विकल्या जात होत्या, हे उघडकीला आलं १९७५ मध्ये! बसमध्ये काकांच्या शेजारी बसून मी हे सगळं सांगितलं. ते खिडकीबाहेर बघत ऐकत होते.

“आमच्या घरात हलगी,” ते म्हणाले. “वरातीत आम्ही सगळ्यात पुढं, पंगतीत सगळ्यात मागं.”

ओसाकात एक दुपार खरेदीसाठी मोकळी असते. ग्रुपला शिन्साइबाशीला सोडलं आणि काकांना घेऊन लूप लाइनने आशिहाराबाशीला गेले. नानिवाचा हा भाग ढोल आणि चामड्याच्या कामासाठी जुना. इथल्या तरुणांनी १९८७ मध्ये स्वतःचा ताफा काढला आणि नाव ठेवलं ‘इकारी’, म्हणजे संताप. आपल्या आजोबा-पणजोबांनी बनवलेले ढोल आपणच वाजवायचे, तेही आपण कुठले ते न लपवता. स्टेशनजवळच्या रस्त्याला ‘मानवी हक्क, ताइको रस्ता’ असंच नाव आहे.

एका दुकानाचं दार उघडं होतं. आतल्या म्हाताऱ्या कारागिराला मी मोडक्यातोडक्या जपानीत काका कोण ते सांगितलं. पुढे माझी गरज फारशी पडली नाही. ओलं कातडं दोरांनी चहूकडून ताणतात, खालून जॅक लावतात आणि मग वर चढून पायांनी तुडवतात. त्यांनी ते जमिनीवर नाचूनच दाखवलं. काकांनी हलगी शेकायची कशी, ते काल्पनिक जाळावर हात फिरवून दाखवलं, मग बोटांनी टेबलावर वाजवून दाखवली. कारागीर एकदम ताठ झाले, “पुन्हा” म्हणाले. काकांनी पुन्हा वाजवली, या वेळी जोरात.

निघायला उशीर झाला. जेवणाच्या टेबलावर ग्रुपने आधी मला फैलावर घेतलं, मग काकांना विचारलं, होतात कुठे? त्यांनी सगळं सांगितलं, पंगतीचंसुद्धा. काठ्या खाली ठेवलेल्या दोघींपैकी एकीने विचारलं, “आम्हाला का नाही नेलंत?” दुसरी काही बोलली नाही.

परत आल्यावर हा रस्ता कार्यक्रमात घ्यावा म्हणून मी ऑफिसला मेल केला. खरेदीचा वेळ कापता येणार नाही, असं उत्तर आलं. त्यामुळे मोकळ्या दुपारी कोणी विचारलंच, तर मीच घेऊन जाते.