फादर थॉमस डॉईल यांनी 1985 सालीच दिलेला इशारा

अमेरिकेतील कॅथलिक धर्मगुरूंनी मुलांवर केलेल्या लैंगिक अत्याचारांचा विषय निघाला की 2002 साली ‘बॉस्टन ग्लोब’ने प्रसिद्ध केलेल्या वृत्तमालिकेची आठवण होते, आणि ते योग्यच आहे. मात्र बिशपांना तोवर या संकटाची कल्पनाच नव्हती, असे कोणी म्हणू लागले की फादर थॉमस डॉईल यांच्याविषयी बोलणे मला आवश्यक वाटते.

त्या काळी डोमिनिकन या कॅथलिक संघाचे धर्मगुरू असलेले डॉईल हे कॅनन कायद्याचे, म्हणजे चर्चच्या अंतर्गत कायद्याचे, जाणकार. वॉशिंग्टनमधील व्हॅटिकनच्या दूतावासात काम करत असताना लुईझियानातील लाफायेट धर्मप्रांताचे प्रकरण त्यांच्यापुढे आले. एका धर्मगुरूविरुद्ध तक्रारी येऊनही वरिष्ठ त्याला एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी पाठवत राहिले होते आणि मुले अत्याचार सोसत राहिली होती. वकील रे माउटन आणि मनोविकारतज्ज्ञ फादर मायकल पीटरसन यांच्यासह डॉईल यांनी 1985 साली सविस्तर अहवाल तयार केला. या प्रकरणांची लपवाछपवी चालू राहिली तर दहा वर्षांत चर्चवर एक अब्ज डॉलरपर्यंत आर्थिक भार पडू शकेल, असा इशारा त्यात होता. अहवाल बिशपांपर्यंत पोहोचला, पण त्यांच्या राष्ट्रीय परिषदेने त्यात सुचवलेली उपाययोजना स्वीकारली नाही. 2004 सालच्या जॉन जे महाविद्यालयाच्या अभ्यासानुसार 1950 ते 2002 या काळात 4,392 धर्मगुरूंवर आरोप झाले होते आणि तक्रारदारांची संख्या 10,667 होती. यांपैकी 1985 नंतर ज्यांच्यावर अत्याचार झाले, त्यांचे दुःख टाळता आले असते, ही गोष्ट मला अतिशय अस्वस्थ करते.

तो अहवाल बिशपांसाठी लिहिलेला होता, म्हणून त्यात नुकसानभरपाईचा हिशेब ठळकपणे येणे स्वाभाविक होते. परंतु डॉईल तेथेच थांबले नाहीत, याचे मला फार मोल वाटते. दूतावासातील पद गेल्यावर ते हवाई दलात चॅप्लिन, म्हणजे सैनिकांसाठी नेमलेले धर्मगुरू, झाले आणि पुढे न्यायालयांत पीडितांच्या बाजूने तज्ज्ञ साक्षीदार म्हणून उभे राहू लागले. बिशपांचा पत्रव्यवहार आणि चर्चची गोपनीय कागदपत्रे यांचा नेमका अर्थ काय, कोणत्या अधिकाऱ्याला कोणता अधिकार होता आणि त्याने तो का वापरला नाही, हे चर्चचा कायदा शिकलेला माणूसच न्यायाधीशांना समजावून देऊ शकत होता. एरवी ज्या ज्ञानाने संस्थेचे रक्षण झाले असते, ते तिने दुखावलेल्यांच्या कामी आले.

अमेरिकी सैन्यातील कॅथलिकांसाठी असलेल्या लष्करी धर्मप्रांताच्या आर्चबिशपांनी 2003 साली त्यांची चॅप्लिनपदाची मान्यता काढून घेतली. त्यासाठी दैनंदिन मिस्सेविषयीच्या, म्हणजे चर्चमधील रोजच्या उपासनाविधीविषयीच्या, मतभेदाचे कारण देण्यात आले. साक्ष देण्याचे त्यांचे काम मात्र चालूच राहिले. बालअत्याचारांना संस्थांनी दिलेल्या प्रतिसादाची चौकशी करणाऱ्या ऑस्ट्रेलियातील शाही आयोगापुढेही 2017 साली त्यांनी साक्ष दिली.