होल्मडेलच्या टेकडीवरची कबुतरं

आप्पा दीड महिना आमच्याकडे न्यू जर्सीतल्या एडिसनला होते. नायगारा झाला, वॉशिंग्टन झालं, टाइम्स स्क्वेअरच्या गर्दीत त्यांचा जीव गुदमरला. फोटो ढीगभर आहेत, पण मनात राहिली ती एकच दुपार, घरापासून पाऊण तासावरच्या होल्मडेल गावातली.

क्रॉफर्ड हिल नावाची ठेंगणी टेकडी. झाडांमधून वर गेलं की समोर ॲल्युमिनियमचं एक अवाढव्य शिंग आडवं पडलेलं दिसतं. सुमारे १५ मीटर लांब, तोंड ६ मीटरचं, निमुळत्या टोकाला चिकटलेली खोली. १९५९ साली बेल लॅब्ज या टेलिफोन कंपनीच्या प्रयोगशाळेने इको या फुगा-उपग्रहावरून परतणारे क्षीण संदेश टिपायला हे बांधलं. विश्वाच्या जन्माचा पुरावा पुढे याच शिंगाने दिला, पण बांधताना त्या प्रश्नाशी याचा काहीएक संबंध नव्हता.

आप्पा पुण्याजवळच्या आर्वीच्या उपग्रह भूकेंद्रात नोकरीला होते. त्यामुळे मी सांगायच्या आधीच त्यांनी ओळखलं. "अगं, हे हॉर्न आहे. आमच्या डिशला बाजूने जमिनीची उष्णता थोडी तरी लागायचीच. याला ती जवळजवळ शिवतच नाही."

१९६४ मध्ये आर्नो पेन्झियास आणि रॉबर्ट विल्सन या दोघा तरुणांना इथे आकाशातले रेडिओ स्रोत मोजायचे होते. पण अँटेना कुठेही वळवा, रात्री बघा की दिवसा, साडेतीन केल्विनची खरखर जास्तीची येत होती (रेडिओची खरखर तापमानाच्या एककात मोजतात). न्यूयॉर्ककडे तोंड केलं तरी फरक नाही, ऋतू बदलला तरी फरक नाही. "कुठल्या फ्रिक्वेन्सीला?" आप्पांनी विचारलं. ४०८० मेगाहर्ट्झ म्हटल्यावर त्यांचा चेहराच उजळला. आर्वीतही उपग्रहाकडून खाली येणारा सिग्नल ४ गिगाहर्ट्झच्या आसपासच असायचा.

मग ते पुढचं सगळं मला समजावून सांगू लागले. एवढी बारीक खरखर खरी आहे, हे ठरवायचं कसं? दुसरं काहीतरी माहितीतलं थंड हवं. या दोघांनी द्रवरूप हेलियमने थंड केलेला संदर्भस्रोत बनवला होता आणि आकाश त्याच्याशी ताडून पाहिलं. पत्र्यांच्या जोडांवर ॲल्युमिनियमची पट्टी चिकटवली. शिंगाच्या आत कबुतरांच्या एका जोडीने संसार थाटला होता, त्यांची विष्ठाही खरवडून काढली. खरखर जेमतेम कमी झाली.

उत्तर मिळालं ते प्रिन्स्टनहून. तिथे रॉबर्ट डिकी आणि त्यांचे सहकारी विश्वाची सुरुवात ज्यातून झाली त्या महास्फोटानंतर उरलेलं प्रारण शोधण्यासाठी स्वतःचं उपकरण बांधत होते. या दोघांचा फोन गेला आणि डिकींनी ओळखलं, ही खरखर म्हणजेच ते प्रारण, आपल्याआधी यांना सापडलं. १९६५ मध्ये दोन्ही गटांचे लेख एकाच अंकात आले. पेन्झियास-विल्सन यांच्या लेखाचं शीर्षक इतकं रुक्ष आहे, की त्यात विश्वाचं नावही नाही. १९७८ चं नोबेल या दोघांना मिळालं. कोबे उपग्रहाच्या मोजणीतून त्या प्रारणाचं तापमान पुढे २.७२५ केल्विन ठरलं. पूर्वी दूरदर्शन बंद झाल्यावर पडद्यावर ज्या मुंग्या यायच्या, त्यातही याचा थोडासा अंश होता, हे सांगितल्यावर आप्पा कितीतरी वेळ आकाशाकडेच बघत राहिले.

ही जागा विकसकाच्या हाती जाते की काय, अशी भीती मध्यंतरी होती. २०२३ मध्ये गावाने ती बागेसाठी घेतली. अशी जागा घरांखाली गाडली गेली असती, तर मला या गावाचा कायमचा राग आला असता.

थर्मासमधला चहा संपवून निघालो. गाडीत बसताना आप्पांनी विचारलं, "कबुतरांचं काय केलं गं?"

पकडून कंपनीच्या टपालातून लांब पाठवली होती. ती परत आली. शेवटी गोळी घातली.

आप्पांनी पट्टा लावला. बऱ्याच वेळाने, पार्कवेला लागल्यावर म्हणाले, "फॉल्ट त्यांचा नव्हताच."