गुडबेरी असताना दुष्काळ कसा चालवायचा

सर्व्हायव्हल कॅम्पेन (भूक-तहान सोसून तगून राहायचा खेळ) चालवायला बसलेल्या डीएमला, म्हणजे खेळ चालवणाऱ्या डन्जन मास्टरला, पहिली धास्ती असते ती गुडबेरीची. डन्जन्स अँड ड्रॅगन्सच्या पाचव्या आवृत्तीत (इथे २०१४चे नियम धरलेत) हा पहिल्याच लेव्हलचा स्पेल, म्हणजे मंत्र. दहा बेरी मिळतात, एक खाल्ली की १ हिट पॉइंट (जखम तेवढी भरते) आणि दिवसभराचं पोषण. म्हणून बरेच जण स्पेलवर सरळ बंदी घालतात. हे चूक आहे. ड्रुइड (निसर्गाची जादू करणारं पात्र) घेणाऱ्याने तो स्पेल अशाच वेळेसाठी निवडलेला असतो.

पळवाट स्पेलमध्ये नाही, विश्रांतीत आहे. बेरी २४ तास टिकतात, त्यामुळे झोपण्याआधी उरलेले स्लॉट (स्पेल टाकायच्या मोजक्या संधी) गुडबेरीवर संपवायचे, सकाळी स्लॉट परत, उद्याचं खाणं फुकट. डीएमच्या पुस्तकातला पर्यायी नियम लावा: शॉर्ट रेस्ट ८ तासांची, स्लॉट परत देणारी लाँग रेस्ट ७ दिवसांची. आता पहिल्या लेव्हलच्या ड्रुइडकडे दोन स्लॉट, म्हणजे २० बेरी. वेळ नीट साधली तर पाच जणांच्या पार्टीचे चार दिवस निघतात, आणि मग जखमा भरायला काहीच उरत नाही. शिवाय रेस्टच्या सात दिवसांतही खावं लागतंच. एक धोका मात्र आधीच सांगून ठेवा: एक्झॉशनची (साचत जाणाऱ्या थकव्याची) एक पातळी उतरायला आता आठवडा लागतो.

भुकेपेक्षा तहानेवर भर द्या. अन्नाशिवाय ३ अधिक कॉन्स्टिट्यूशन मॉडिफायर (पात्राच्या काटकपणाचा आकडा) इतके दिवस काहीच होत नाही; मॉडिफायर +२ असेल तर पाच दिवस. पाणी मात्र रोज एक गॅलन, उन्हाळी प्रदेशात दोन. निम्मंच मिळालं तर डीसी १५चा सेव्ह (फासा आणि मॉडिफायर मिळून १५ आले नाहीत तर एक्झॉशन), त्याहून कमी मिळालं तर एक्झॉशन थेट. वॉटरस्किनमध्ये (पाण्याच्या चामडी पिशवीत) अर्धा गॅलन मावतो आणि भरल्यावर तिचं वजन ५ पाउंड. म्हणजे उन्हात माणशी दिवसाला चार वॉटरस्किन, २० पाउंड. गुडबेरीने पाणी मिळत नाही. क्रिएट ऑर डिस्ट्रॉय वॉटर हा स्पेल १० गॅलन देतो, पण ते धरायला उघडं भांडं लागतं, आणि बादलीत तीनच गॅलन मावतात.

क्रिएट फूड अँड वॉटर हा स्पेल तिसऱ्या लेव्हलचा. एका वेळी १५ माणसं जगतात. पाचव्या लेव्हलच्या क्लेरिककडे (देवाची जादू करणाऱ्या पात्राकडे) असे दोन स्लॉट, आणि गाव समजा तीनशेचं. जेवणार तीस जण. ते तीस कोण, हे पार्टीला ठरवू द्या. त्या चर्चेला अख्खं सेशन दिलं तरी चालेल.

खरी शेती येते ती प्लँट ग्रोथमध्ये, आणि या स्पेलकडे फार दुर्लक्ष होतं. एका अ‍ॅक्शनमध्ये, म्हणजे काही सेकंदांत, टाकला तर नुसतं रान माजतं, चालायला चौपट अंतर मोजावं लागतं. आठ तास लावून टाकला तर अर्ध्या मैलाच्या त्रिज्येतल्या, म्हणजे सुमारे ५०० एकरांतल्या, वनस्पती वर्षभर समृद्ध होतात आणि कापणीला दुप्पट अन्न देतात. यात ‘कापणीला’ हे विसरू नका. आज उपाशी असलेल्या गावाला अजून काही महिने काढायचेच आहेत. नियमात वनस्पती समृद्ध होतात असं म्हटलंय, जमीन नव्हे. म्हणून पेरणीआधी रिकाम्या रानावर टाकलेला स्पेल मी वाया धरतो. पीक उगवून वर आलं की मगच टाकायचा.

आठही तास कॉन्सन्ट्रेशन (एकाग्रता) टिकवावं लागतं. ते मोडलं तर स्लॉट वाचतो, पण दिवस जातो. शेजारच्या गावाला आपल्या शिवारात हे अर्ध्या मैलाचं वर्तुळ हवं असेल, तर त्यांना ड्रुइडला मारायची गरजच नाही. दुपारी चार दगड नेमके लागले की झालं. प्रत्येक दगडाला डीसी १०चा कॉन्स्टिट्यूशन सेव्ह घ्या; एक चुकला की कॉन्सन्ट्रेशन मोडलं. आणि दुप्पट पीक आलं तरी कापायला हात तेवढेच आहेत, कोठारही तेवढंच. कापणीच्या दिवसांत पाऊस आणलात तर वाढीव धान्य शेतातच भिजेल.