शटर कोणाच्या हातात? एका लघुपटाचा अनुभव

सत्ता आणि नियंत्रण यावर एकही संवाद नसलेला लघुपट करायचा, आणि तो पिक्सिलेशननं करायचा, एवढं पक्कं होतं. पिक्सिलेशन म्हणजे जिवंत माणसाला कठपुतळीसारखं वापरून केलेलं स्टॉप मोशन, एकेक फोटो जोडून हलतं केलेलं चित्र. नट जरासा हलतो, थांबतो, फोटो. पुन्हा हलतो, थांबतो, फोटो. कॅनडात नॉर्मन मॅकलॅरननं १९५२ साली हे तंत्र गाजवलं, आपल्याकडे फिल्म्स डिव्हिजन या सरकारी चित्रपट संस्थेत प्रमोद पतींनी.

कथा एवढीच: माणूस खुर्चीत बसतो आणि मग खुर्चीच त्याला खोलीभर फिरवते.

सेकंदाला १२ फोटो धरले, तर चार मिनिटांना २,८८० लागतात. ऊन सरकलं की चित्र लुकलुकतं, म्हणून खिडक्यांना काळा कागद लावला. फोकस, एक्स्पोजर (उजेडाचं प्रमाण), व्हाइट बॅलन्स (रंगांची छटा) सगळं मॅन्युअल, म्हणजे कॅमेरा आपोआप काही बदलणार नाही. खाली शहाबादी फरशी होती. तिचे सांधे धरून दर फोटोला खुर्ची दोन बोटं सरकवायची.

नट म्हणजे माझा मित्र, प्रायोगिक नाटकांत मुरलेला. ‘मान डावीकडे, हनुवटी खाली, श्वास धर,’ मी सांगत होतो आणि तो निमूट करत होता. अवघडलेल्या स्थितीत त्याची मांडी थरथरताना मला स्क्रीनवर स्पष्ट दिसली. ज्या गोष्टीवर चित्रपट करत होतो ती तिथेच, त्या खोलीत घडत होती, आणि कॅमेऱ्यामागे मी होतो.

मग शटरचा रिमोट मी त्याच्या हातात दिला. खुर्ची मी सरकवायची. फोटो कधी आणि कोणत्या स्थितीत, ते त्यानं ठरवायचं. कधी तो बराच वेळ बटण दाबायचाच नाही, आणि मी थांबायचो. ते थांबणं पडद्यावर येत नाही, पण त्याचा परिणाम येतो: खुर्ची संथ, एकसारखी सरकते आणि तिच्यावरचा माणूस मध्येच झटका देतो, अडतो, उलटा वळतो. हा विरोध मला लिहून काढता आला नसता. आधीचं गुळगुळीत चित्रण मी सुरुवातीच्या भागात ठेवलं, म्हणजे फरक डोळ्यांना कळतो.

रिमोटमुळे त्याची उजवी मूठ सतत मिटलेली दिसते. एडिटिंगमध्ये ती झाकता आली असती. मुद्दाम झाकली नाही.

आता महोत्सवांचे अर्ज भरतोय. दिग्दर्शकाच्या रकान्यात दोघांची नावं आहेत.