तेरावा वाढदिवस आणि पहिली सही

सोमवार

ड्राफ्टचे, म्हणजे लीगच्या संघांनी नवे खेळाडू निवडायचे, दिवस आले की एकच गोष्ट मनात घोळत राहते. कॅनेडियन फुटबॉलमध्ये, म्हणजे चेंडू हातात घेऊन पळायच्या, अमेरिकन फुटबॉलसारख्या खेळात, बाहेरून आलेल्या मुलाचं जितकं मैदानावर ठरतं, तितकंच एका तारखेवर ठरतं. मुलगा चाळीस यार्ड किती सेकंदांत पळतो हे अख्ख्या घराला तोंडपाठ असतं. ही तारीख मात्र कुणी लिहून ठेवलेली नसते.

व्यावसायिक लीग म्हणजे सीएफएल (कॅनेडियन फुटबॉल लीग), नऊ संघांची. तिथे खेळाडूंचे मुख्य वर्ग दोन, नॅशनल आणि अमेरिकन. २०१९पासून ग्लोबल, म्हणजे या दोन्ही देशांबाहेरचे, हा तिसरा आला. सुरुवातीला उतरणाऱ्या २४ जणांत, म्हणजे आक्रमणाचे १२ आणि बचावाचे १२, किमान सात नॅशनल लागतात. त्यामुळे नॅशनल ठरलेला चांगला खेळाडू संघ हातचा जाऊ देत नाही. आठ फेऱ्यांचा मुख्य ड्राफ्टही त्यांचाच.

आता नॅशनल कोण? जन्म कुठे झाला, याला नियमात जागाच नाही, आणि ही मला या लीगची सगळ्यात मोठी गोष्ट वाटते. नव्याने येणाऱ्यासाठी दारं दोन. एक, वयाची १८ वर्षं पूर्ण होण्याआधी एकूण पाच वर्षं कॅनडात प्रत्यक्ष वास्तव्य. दुसरं, पहिल्या करारावर सही करताना हातात कॅनडाचं नागरिकत्व.

पहिल्या दाराचा हिशेब सोपा आहे. अठरातून पाच वजा केले की तेरा. तेराव्या वाढदिवसाआधी येऊन इथेच राहिलेला मुलगा केवळ वास्तव्यावर नॅशनल ठरतो, पासपोर्ट कुठलाही असो. तेराव्या वाढदिवसानंतर महिन्याभराने उतरलेला मुलगा ठरत नाही. वर्षं सलग नसली तरी चालतात, बेरीज धरतात; पण दाखवायला पुरावा लागतो. पहिल्या दिवसाचा लँडिंगचा कागद, दरवर्षीचे शाळेचे रिपोर्ट कार्ड, जुने पासपोर्ट हे सगळं एका फायलीत हवं. घर बदलताना पहिल्यांदा हरवतात ते प्राथमिक शाळेचे कागद, आणि दहा वर्षांनी नेमके तेच मागितले जातात.

दुसरं दार भारतीय घरांमध्ये जास्त अडतं. भारत दुहेरी नागरिकत्व देत नाही. कॅनडाची शपथ घेतली की भारतीय पासपोर्ट परत करावा लागतो, मग ओसीआय (परदेशस्थ भारतीयाचं कार्ड) काढायचं. म्हणून अनेक आईवडील वर्षानुवर्षं पीआरवरच (कायमच्या रहिवासावर) राहतात. गावाकडची जमीन, म्हातारे आईवडील, मनातली घालमेल, कारणं खरी असतात. पण मुलगा चौदाव्या वर्षी आलेला असेल आणि फुटबॉलमध्ये खरंच पुढे जात असेल, तर ही दिरंगाई त्याला महागात पडते. मुलगा १८च्या आत असताना आई किंवा वडील अर्ज करत असतील, तर त्यांच्याबरोबर त्याचाही अर्ज जातो आणि त्याला वास्तव्याचे दिवस मोजून दाखवावे लागत नाहीत. अठरा उलटल्यावर तो एकटा. मागच्या पाच वर्षांतले १,०९५ दिवस, भाषेचा पुरावा, परीक्षा, आणि मग शपथविधीच्या तारखेची वाट. म्हणून विद्यापीठाच्या दुसऱ्या वर्षापर्यंत अर्ज गेलेला असावा.

यातली खरी मेख सहीच्या दिवसात आहे. नियम बघतो तो पहिल्या कराराच्या वेळचं नागरिकत्व. आधी सही आणि मग शपथ, असं झालं तर ती शपथ या कामी उपयोगाची नाही.

बुधवार

शाळेच्या पातळीवर नव्या घरांना पहिला प्रश्न पडतो तो सामानाचा. हेल्मेट आणि शोल्डर पॅड बहुतेक शाळा-क्लब देतात. आपण घ्यायचे ते बूट, माउथगार्ड आणि पॅड बसवायची आतली चड्डी. तरीही काही पालक हेल्मेट स्वतः आणतात, आणि आपल्याकडच्या शाळेच्या गणवेशासारखं वाढत्या मापाचं आणतात. फुटबॉलमध्ये याच्याइतकी धोक्याची काटकसर नाही.

माप घ्यायचं ते भुवयांच्या इंचभर वर, डोक्याभोवती टेप फिरवून. केस खेळताना जसे असतात तसे, शक्यतो ओले करून. हेल्मेट चढवल्यावर पुढची कड भुवयांपासून इंचभर वर हवी. गालाचे पॅड दोन्ही बाजूंनी चिकटून हवेत, हनुवटीचा पट्टा मधोमध हवा आणि त्याची चारही बटणं लावलेली हवीत. मग तोंडापुढची जाळी धरून हेल्मेट डावीउजवीकडे फिरवून बघायचं. कपाळाची कातडी हेल्मेटबरोबर सरकली तर माप बरोबर. हेल्मेट कातडीवरून घसरलं तर मोठं. हवा भरायच्या अस्तराचं हेल्मेट असेल तर आणखी एक काळजी. ऑगस्टच्या उकाड्यात खोलीत बसवलेलं हेल्मेट ऑक्टोबरच्या थंडीत सैल होतं, कारण आतली हवा आकसते. थंडी सुरू झाली की मैदानावरच, त्या थंडीतच, पुन्हा हवा भरून घ्यायची.

आणि हेल्मेट कवटी वाचवतं, आतल्या मेंदूचं हलणं थांबवत नाही. ओंटारिओत २०१८ साली रोवन्स लॉ हा कायदा झाला, रोवन स्ट्रिंगर या सतरा वर्षांच्या रग्बी खेळाडूच्या मृत्यूनंतर. डोक्याला मार बसल्याचा नुसता संशय आला तरी मुलाला ताबडतोब बाहेर काढायचं आणि डॉक्टरच्या परवानगीशिवाय परत घ्यायचं नाही. परतीच्या पायऱ्या असतात, साधारणपणे एका पायरीला किमान चोवीस तास. मुलं लपवतात. "काही नाही, ठीक आहे," म्हणतात. उजेड सहन न होणं, एरवी शांत मुलगा चिडचिडा होणं, गृहपाठाचं तेच पान पुन्हा पुन्हा वाचणं, हे घरातच दिसतं, कोचला दिसत नाही.

खेळाबद्दल दोन शब्द. मैदान ११० यार्ड लांब, ६५ रुंद. अमेरिकन मैदान १०० लांब आणि त्रेपन्नच्या आसपास रुंद. दहा यार्ड पुढे सरकायला तीनच प्रयत्न, अमेरिकेत चार. बचावाची रांग चेंडूपासून एक यार्ड मागे उभी राहते, त्यामुळे तिसऱ्या प्रयत्नात एकच यार्ड हवा असेल तर आक्रमण बिनधास्त जातं आणि बहुतेकदा जमतंही. २०२७पासून लीग लांबी १०० यार्डांवर आणते आहे, पण रुंदी आणि तीन प्रयत्न कायम. ब्रिटिश कोलंबियातल्या शाळा मात्र अमेरिकन नियमांनी खेळतात. तिथला मुलगा ओंटारिओच्या विद्यापीठात आला की पहिला महिना त्याची पावलं चुकतात.

आपल्याकडचा पायाने खेळायचा फुटबॉल, रग्बी किंवा कबड्डी खेळून आलेल्या मुलांची नेहमीची अडचण म्हणजे नजर चेंडूवर असते. लाइनबॅकरने, म्हणजे बचावाच्या दुसऱ्या रांगेतल्या खेळाडूने, चेंडू बघायचाच नसतो, समोरच्या गार्डचं, म्हणजे आक्रमणाच्या पुढच्या रांगेत अडवणाऱ्याचं, डोकं बघायचं असतं. स्नॅप होताच, म्हणजे चेंडू मागे देऊन खेळ सुरू होताच, त्याचं हेल्मेट वर उठलं तर पास, खालीच राहिलं तर धाव. गार्ड बाजूला पळत सुटला तर त्याच्या मागोमाग जायचं, चेंडू तिकडेच येतो. कबड्डीतल्या मुलाची पकड पक्की असते, पण त्याला घोट्याकडे झेपावायची सवय असते आणि डोकं खाली जातं. इथे डोळे वर ठेवून डोकं बाजूला, खांदा आधी, मग हात मागून बंद, आणि पाय थांबवायचे नाहीत. डोकं खाली घालून केलेल्या टॅकलनेच मानेच्या वाईट दुखापती होतात. ही सवय मोडायला कधी कधी अख्खा मोसम जातो, आणि तो जाऊ द्यावा.

गुरुवार

हेनोक मुआंबा, सीएफएलमध्ये खेळलेला लाइनबॅकर. जन्म किन्शासाचा, १९८९चा. लहानपणी कुटुंब कॅनडात आलं, मिसिसागात वाढला. ज्या मिसिसागात आज पावलोपावली मराठी ऐकू येतं, तेच शहर. तिथून गेला तो कुठे, तर नोव्हा स्कोशियातल्या अँटिगोनिश नावाच्या छोट्या गावात, सेंट फ्रान्सिस झेवियर विद्यापीठात. अटलांटिकच्या बाजूचा विद्यापीठ संघांचा गट लहान, संघ मोजके. मोठ्या शहरातले पालक अशा ठिकाणाचं नाव ऐकून नाक मुरडतात. पण लहान संघात मुलगा पहिल्या-दुसऱ्या वर्षापासून मैदानावर असतो, आणि लाइनबॅकर घडतो तो प्रत्यक्ष सामन्यांत. २०१०मध्ये देशातल्या विद्यापीठांमधला सर्वोत्तम बचावपटू म्हणून प्रेसिडेंट्स ट्रॉफी त्याला मिळाली, आणि २०११च्या ड्राफ्टमध्ये विनिपेगने त्याला सगळ्यात पहिला उचलला.

पुढे अमेरिकेच्या एनएफएल लीगमध्ये इंडियानापोलिस, परत येऊन माँट्रियाल, सस्काचेवान, पुन्हा माँट्रियाल. २०१९मध्ये लीगचा सर्वोत्कृष्ट कॅनेडियन खेळाडू. २०२२चा ग्रे कप, म्हणजे सीएफएलचा अंतिम सामना, टोरोंटोने विनिपेगविरुद्ध २४-२३ असा एका गुणाने जिंकला. शेवटच्या काही मिनिटांत विनिपेगचा पास टोरोंटोकडून खेळणाऱ्या मुआंबाने हवेतच उचलला. त्या सामन्याचा सर्वोत्तम खेळाडू आणि सर्वोत्तम कॅनेडियन, दोन्ही पुरस्कार त्यालाच. किन्शासात जन्मलेला माणूस सर्वोत्तम कॅनेडियन, आणि त्यात कुणाला काही वावगं वाटलं नाही. हे लिहितानाही बरं वाटतं.

आपल्या जवळचं नाव म्हणजे बॉबी सिंग. फिजीतल्या सुवाचा जन्म, भारतीय वंशाचा, ऑफेन्सिव्ह लाइनमन, म्हणजे आक्रमणाच्या पुढच्या रांगेत अडवणारा. तो अमेरिकेत पोर्टलंड स्टेट विद्यापीठातून गेला. सुपर बोल (एनएफएलचा अंतिम सामना), एक्सएफएल ही दुसरी अमेरिकन लीग आणि ग्रे कप, अशा तिन्ही विजेतेपदांच्या अंगठ्या मिळवणारा माणूस. तरी आपल्या घरांत त्याचं नाव कुणाला माहीत नसतं.

विद्यापीठाचं गणित मात्र पालकांनी नीट समजून घ्यावं, कारण फसगत इथेच होते. यू स्पोर्ट्समध्ये, म्हणजे कॅनडातल्या विद्यापीठांच्या स्पर्धांत, देशभर २७ संघ आहेत, खेळायला पाच मोसम मिळतात, आणि शेवट व्हॅनियर कपवर, म्हणजे अंतिम सामन्यावर, होतो. "फुल स्कॉलरशिप" हा शब्द अमेरिकेतला. इथे खेळासाठीची मदत फार तर शिक्षण शुल्क आणि इतर सक्तीच्या फीपर्यंत. राहणं आणि जेवण आपलं. स्टडी परमिटवरच्या मुलाला परदेशी विद्यार्थ्याची फी लागते, ती कितीतरी पट जास्त, आणि मिळालेली मदत त्यात विरघळून जाते. पीआर हातात आलं की देशी फी. अमेरिकेत राहणं-जेवण मिळतं, पण एफ-१ या विद्यार्थी व्हिसावर नाव आणि चेहरा वापरून पैसे कमावण्याच्या वाटा जवळजवळ बंद असतात, आणि तिकडच्या सहकाऱ्यांचे आकडे ऐकून मुलगा झुरतो.

पात्रता टिकवायला दर सत्रात किमान तीन विषय घ्यायचे आणि वर्षाला १८ क्रेडिट पास व्हायचं. मुलं नापास होतात ती बहुधा शरद सत्रात, कारण मोसम ऐन त्यातच असतो. पाच अवघड विषय सप्टेंबरला घेण्यापेक्षा तीन घ्यावेत आणि उरलेले जानेवारीत व उन्हाळ्यात. सल्लागार आपणहून सांगेल याची वाट बघू नये.

शनिवार

कम्बाइनमध्ये, म्हणजे ड्राफ्टआधीच्या चाचणीत, ४० यार्ड, उभी उडी, लांब उडी, शटल (वळत-परतत धावणं), आणि २२५ पौंडांचा बेंच प्रेस, म्हणजे १०२ किलो, जितक्या वेळा उचलता येईल तितक्या वेळा. कागदावर हेच आकडे येतात. पण लाइनच्या मुलांचं नशीब ठरतं ते समोरासमोरच्या झुंजीत, जिथे एकाने अडवायचं आणि दुसऱ्याने सुटायचं. बेंचसाठी सहा महिने घालवून कंबर आणि पाय कच्चे ठेवलेला मुलगा तिथे दोन मिनिटांत उघडा पडतो.

ड्राफ्ट झाल्यावर मेमध्ये कॅम्प. कॅनेडियन नवख्याला पहिली जागा मिळते ती बहुधा स्पेशल टीम्सवर, म्हणजे किकच्या वेळी. इथे पंट, म्हणजे लाथेने लांब पाठवलेला चेंडू, झेलणाऱ्याला फेअर कॅच (खूण करून बिनधोक झेल घ्यायची मुभा) नाही. त्याऐवजी चेंडू त्याच्या हाती लागेपर्यंत धावून आलेल्यांनी पाच यार्ड लांब राहायचं. पूर्ण वेगात पन्नास यार्ड पळून नेमकं पाच यार्डांवर थांबणं हे खरं कसब आहे. एक पाऊल आत पडलं की दंड, दोन पावलं मागे राहिलं की तो निसटतो. ज्याला हे जमतं, तो बाकी काही जमेपर्यंत संघात राहतो. लाँग स्नॅपची जागाही अशीच: पायांमधून मागे पंधरा यार्डांवर पंटरच्या हातात, पाऊण सेकंदात. शरीर मध्यम असलेल्या, पण रोज दोनशे स्नॅप टाकायची चिकाटी असलेल्या मुलाने हा मार्ग जरूर बघावा.

किमान पगार २०२३पासून वर्षाला ७०,००० कॅनेडियन डॉलर. बहुतेक करार हमीचे नसतात, कापलं की पगार थांबतो. म्हणून पदवी अर्धी टाकून जाण्यात शहाणपण नाही. मोसम शिल्लक असलेला यू स्पोर्ट्सचा मुलगा ड्राफ्ट झाल्यावरही विद्यापीठात परतू शकतो, आणि पुष्कळ जण परततात, वर्षभराने जास्त तयार होऊन येतात. फक्त कॅम्पला निघण्याआधी शरद सत्राचे विषय नोंदवून, वसतिगृहाची अनामत भरून जावं. जूनमध्ये कापलेला मुलगा घरी पोचतो तेव्हा सोयीच्या वेळेचे वर्ग भरलेले असतात, आणि ऑगस्टच्या मध्यावर विद्यापीठाचा सराव सुरू होतो.