दिमित्सानाचं पाणी

ग्रीसला जाऊन आलो म्हटलं की सगळे सान्तोरिनीचे फोटो मागतात, पण माझा आवडता दिवस गेला तो समुद्रापासून लांब, पेलोपोनीजच्या डोंगरात. आर्केडिया भागात दिमित्साना नावाचं दगडी घरांचं गाव आहे, खाली लुसिओस नदीची खोल घळ, आणि गावाजवळ झऱ्याचं पाणी उतरतं तिथले जुने कारखाने नीट दुरुस्त करून 1997 पासून उघड्यावरचं म्युझियम चालवतात.

मी अडकले ती नेरोत्रिवीपाशी. नेरोत्रिवी म्हणजे लाकडी फळ्यांचं, तळाशी निमुळतं होत गेलेलं मोठ्ठं पिंप, वरून पन्हळीतलं पाणी दणादण आत पडतं आणि लोकरीची जाड पांघरुणं त्यात गरगर फिरत राहतात. साबण नाही, काही नाही, नुसत्या पाण्याच्या माऱ्यानं धुऊन निघतात आणि लोकर घट्ट बसते ती वेगळीच. आमच्या आजीनं घोंगड्या नदीवर आपटून आपटून कंबर मोडून घेतली, तिला हे दाखवायला हवं होतं राव.

बाजूलाच पिठाची गिरणी. तिचं चाक आडवं असतं, धार पात्यांवर बसली की ते फिरतं आणि त्याच दांड्यावर जात्याचा वरचा दगड फिरतो, त्यामुळे मधे दातेरी चाकांची भानगडच नाही (औरंगाबादची पाणचक्की पाहिलेल्यांना घरी आल्यासारखं वाटेल). पुढे चामडं कमवायची जागा, आणि सगळ्यात शेवटी बंदुकीच्या दारूची गिरणी. म्हणजे पाणी कुणी संपवत नाही, प्रत्येक जण आपल्यापुरता उतार वापरतो आणि पाणी खालच्याला सोडतो. घाण करणारी कामं मात्र खालच्या अंगाला, हे बघून आमच्या सोसायटीच्या टाकीवरची भांडणं आठवली.

दारूच्या गिरणीत चाकाच्या जोरावर लाकडी मुसळं वर-खाली होतात आणि सोरा, गंधक, कोळसा एकत्र कुटला जातो. 1821 मधे तुर्कांविरुद्ध उठाव झाला तेव्हा गावात अशा 14 गिरण्या होत्या असं सांगतात, आणि काडतुसं गुंडाळायला कागद पुरेना म्हणून गावच्या ग्रंथालयातली पुस्तकं फाडली. उरलेली बघायची होती, पण मी पिंपापाशी इतका वेळ काढला की वर गावात पोचेपर्यंत अंधार पडला, नवरा अजून टोमणे मारतो.