काचेखालचा राजा आणि रंगमंचावरचा राजा

इंग्लंडमधल्या लेस्टर शहरात राहायला आल्यापासून घरी येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला मी दोन ठिकाणे हमखास दाखवते. एक म्हणजे बेलग्रेव्ह रोड, जिथे साड्यांची, सोन्याची आणि मिठाईची दुकाने इतक्या दाटीने उभी आहेत की पुण्याहून आलेल्या माणसाला एवढा विमानप्रवास उगाच केला असे वाटावे. आणि दुसरे म्हणजे कॅथेड्रलजवळचे ते लहानसे दालन, जिथे जमिनीत बसवलेल्या काचेखाली एक खड्डा जपून ठेवला आहे. खड्डा रिकामा आहे. मात्र अधूनमधून त्यातल्या मातीवर प्रकाशाने सांगाड्याची आकृती उमटते: डोके पुढे झुकलेले, पाठीचा कणा एका बाजूला वळलेला, पावले नाहीत.

ही कबर इंग्लंडचा राजा तिसरा रिचर्ड याची. २२ ऑगस्ट १४८५ रोजी, इथून पश्चिमेला असलेल्या बॉसवर्थच्या लढाईत तो वयाच्या ३२ व्या वर्षी मारला गेला. रणांगणावर मरण आलेला तो इंग्लंडचा शेवटचा राजा. त्याचे प्रेत लेस्टरला आणून फ्रान्सिस्कन जोग्यांच्या मठात घाईघाईने पुरण्यात आले. पुढे १५३८ मध्ये मठच मोडीत निघाला आणि राजाची हाडे सोअर नदीत फेकून दिल्याची दंतकथा गावात रुजली. २०१२ च्या ऑगस्टमध्ये स्थानिक विद्यापीठाने नगर परिषदेच्या एका मोटारतळावर खोदकाम सुरू केले, तेव्हा पहिल्याच दिवशी मानवी पायाची हाडे हाती लागली. ती त्याचीच, हे डीएनए तपासणीनंतर फेब्रुवारी २०१३ मध्ये जाहीर झाले. खड्डा लांबीला कमी पडला होता, म्हणून प्रेत कसेबसे कोंबले गेले आणि मान तशी वाकलेली राहिली, ही माहिती तिथे वाचताना माझी आई बराच वेळ काचेपाशी उभी राहिली. मग म्हणाली, "अगं, पण याने केलं काय होतं?"

ते सांगायला घेतले की मराठी माणसाला फार समजवावे लागत नाही. थोरला भाऊ चौथा एडवर्ड एप्रिल १४८३ मध्ये वारला. त्याचा मुलगा बारा वर्षांचा, धाकटा नऊचा. काका रिचर्ड पालक म्हणून पुढे आला, दोघे भाऊ लंडनच्या टॉवरमध्ये, म्हणजे तिथल्या जुन्या राजकिल्ल्यात, राहायला गेले, त्यांच्या आईवडिलांचे लग्नच बेकायदा होते असे ठरवण्यात आले आणि जुलैमध्ये राज्याभिषेक काकाचा झाला. त्या उन्हाळ्यानंतर ती मुले कुणालाही दिसली नाहीत. एवढे ऐकल्यावर आई म्हणाली, "म्हणजे राघोबादादाच की!"

तुलना अगदी चपखल नाही. शनिवारवाड्यात नारायणरावांचा खून ३० ऑगस्ट १७७३ रोजी अनेकांच्या देखत झाला आणि रामशास्त्र्यांनी चौकशी करून राघोबादादांना दोषी ठरवले. टॉवरमध्ये काय घडले याला मात्र साक्षीदार नाही, आणि रिचर्डची चौकशीही कधी झाली नाही. त्याला हरवून गादीवर आलेल्या ट्यूडर घराण्याच्या काळात जे लिहिले गेले तेच पुढे चालत राहिले. शेक्सपिअरने १५९२-९३ च्या सुमारास त्यावर नाटक रचले, तेव्हा गादीवर असलेली पहिली एलिझाबेथ ही बॉसवर्थच्या विजेत्याची सख्खी नात होती.

नाटकातला रिचर्ड कुबडा आहे, त्याचा एक हात वाळलेला आहे आणि वाटेत येईल त्याला तो संपवत जातो. मधला भाऊ क्लॅरेन्स याचा काटाही तोच काढतो; प्रत्यक्षात क्लॅरेन्सला १४७८ मध्ये देहदंड झाला तो थोरल्या भावाच्या, म्हणजे राजाच्याच, कारकिर्दीत, राजद्रोहाच्या आरोपावरून. पण मी हे नाटक पहिल्यांदा पाहिले तेव्हा हा हिशेब माझ्या डोक्यात राहिलाच नाही. पडदा उघडतो तोच हा गृहस्थ एकटा पुढे येऊन आपले सगळे बेत प्रेक्षकांना विश्वासात घेऊन सांगतो, आणि पुढच्याच प्रवेशात सासऱ्याच्या शवपेटीमागून शोक करत चाललेल्या ॲनला, जिच्या नवऱ्याला आणि सासऱ्याला यानेच मारले आहे, तिथल्या तिथे लग्नाला राजी करतो. ती गेल्यावर तो आमच्याकडे वळून हसला आणि सगळे सभागृह त्याच्याबरोबर हसले. मीही हसले. पुतण्यांच्या खुनाचा हुकूम सुटेपर्यंत आपण कुणाची बाजू घेऊन बसलो आहोत, हे कळलेच नाही. ज्या राजाने प्रत्यक्षात दोन वर्षे आणि काही आठवडे राज्य केले, तो चारशेहून अधिक वर्षे तिकीटबारीवर टिकून आहे तो या लबाड हसण्यावर.

सांगाड्याने नाटकाला अर्धे खोटे पाडले आणि अर्धे खरे. हात धडधाकट होता आणि पाठीवर कुबडही नव्हते. कणा मात्र खरोखरच बराच वाकडा होता. किशोरवयात जडणाऱ्या विकाराने उजवा खांदा डाव्यापेक्षा थोडा उंच राहिला असणार, आणि अंगावर नीट बेतलेले कपडे असले तर ते फारसे जाणवतही नसावे. त्याच्या चाहत्यांची इथे संस्था आहे आणि या शोधासाठी त्यांनी जिवाचे रान केले; पण पाठीचा दोष ही निव्वळ ट्यूडर बदनामी आहे असे त्यांच्यातले कित्येक जण वर्षानुवर्षे सांगत आले होते, त्यांना ते वाकडे मणके पाहून काय वाटले असेल, असा विचार मनात येतोच. त्यांचे सगळेच म्हणणे टाकाऊ नाही. १४८४ च्या त्याच्या संसदेने जामिनाबाबत सामान्यांना दिलासा देणारा कायदा केला आणि राजाला "स्वखुशीने" द्यायच्या सक्तीच्या देणग्या बंद केल्या. उत्तरेतल्या यॉर्क शहराने तर त्याच्या मृत्यूचे दुःख आपल्या दप्तरात नोंदवून ठेवले, आणि तेही विजेता अजून जवळपास असताना. मला मात्र एक गोष्ट ओलांडता येत नाही: मुले त्याच्या ताब्यात होती, ती मारली गेल्याची कुजबुज त्याच्या हयातीतच पसरली होती, आणि एकदा खिडकीत उभी करून त्यांना दाखवणे हा सर्वांत सोपा खुलासा त्याने कधीच केला नाही.

मार्च २०१५ मध्ये त्याला लेस्टर कॅथेड्रलमध्ये इतमामाने पुन्हा पुरण्यात आले. शवपेटी लाकडाची, आणि ती घडवली त्या सुतारानेच ज्याच्या डीएनएवरून ओळख पटली होती. तो रिचर्डच्या बहिणीचा सतरा पिढ्यांनंतरचा वंशज. दोन वर्षांनी, २०१७ मध्ये, त्याच कॅथेड्रलमध्ये, समाधीपासून काही पावलांवर, शेक्सपिअरच्या या नाटकाचा प्रयोग ठरला, तेव्हा चाहत्यांनी कडाडून विरोध केला. माणसाला त्याच्या थडग्याशेजारीच खलनायक म्हणून उभे करायचे का, हा त्यांचा प्रश्न मला आजही रास्त वाटतो. तरी प्रयोग झालाच.

समाधीवरच्या फिकट दगडात खोल कोरलेला क्रूस आईने निरखून पाहिला. मग तिने तिथल्या वृद्ध स्वयंसेवकाला माझ्यामार्फत विचारले, की याची तपासणी झाली तर त्या मुलांची का होत नाही? त्याला हा प्रश्न नवा नसावा. १६७४ मध्ये टॉवरच्या एका जिन्याखाली दोन मुलांची हाडे सापडली, ती त्यांचीच मानून वेस्टमिन्स्टर ॲबीत संगमरवरी कलशात ठेवली आहेत आणि १९३३ मध्ये एकदा तो कलश उघडून पाहिला होता, पण तेव्हा डीएनए तपासणी नव्हती, असे त्याने सांगितले. "आणि आता?" आईने विचारले. तो म्हणाला, आता परवानगी मिळत नाही.